पडद्यावरचं प्रेम कसं जमवतात

दोन माणसं प्रेमात पडली, हे पडद्यावर बहुतेक वेळा कुणी बोलून दाखवत नाही. तरी पहिल्या रांगेपासून बाल्कनीपर्यंत सगळ्यांना ते एकदमच कळतं. वाद होतो तो घरी आल्यावर. ‘असं कुठे असतं का?’ असं आई विचारते, ‘अगं, सिनेमा आहे तो’ असं मुलगी म्हणते आणि विषय तिथेच मिटतो. मला वाटतं, तो तिथे मिटू नये. पडद्यावरचं प्रेम खरं की खोटं यापेक्षा ते नेहमी असंच का दिसतं, हे विचारणं जास्त कामाचं आहे. त्याचं उत्तरही देता येतं, कारण ते प्रेम कॅमेरा, कात्री, घड्याळ, कायदा आणि टीआरपी यांनी घडवलेलं असतं. त्यातलं बरंचसं निरुपद्रवी आहे. एक गोष्ट मात्र तशी नाही, आणि तिच्यावर मी जरा जास्त वेळ थांबणार आहे.

दोन शॉटच्या मधली जागा

आधी कात्री, म्हणजे संकलन. साधारण शंभर वर्षांपूर्वी, क्रांतीनंतरच्या रशियात, लेव्ह कुलेशॉव्ह या दिग्दर्शकाने एक प्रयोग केला. इव्हान मोझुखिन नावाच्या नटाच्या चेहऱ्याचा एकच तुकडा घेऊन त्याने तो एकदा सूपच्या वाडग्याला, एकदा शवपेटीला आणि एकदा एका तरुणीच्या चित्राला जोडला. बघणाऱ्यांना पहिल्यात भूक दिसली, दुसऱ्यात दुःख आणि तिसऱ्यात ओढ. नटाने काय अभिनय केलाय, अशी वाहवाही झाली म्हणतात. चेहरा तिन्ही वेळा तोच होता. जगभरच्या फिल्म स्कूलमध्ये, आपल्या लॉ कॉलेज रोडवरच्या एफटीआयआयमध्येही, संकलन शिकणाऱ्याला हा ‘कुलेशॉव्ह इफेक्ट’ पाठ असतो.

आता हा प्रयोग पुण्यात आणू. फर्ग्युसन रस्त्यावरचा बसस्टॉप, भुरभुर पाऊस. पहिला शॉट: छत्री घेतलेली मुलगी रस्त्याच्या पलीकडे बघते. दुसरा शॉट: पलीकडे एक मुलगा बंद पडलेली स्कूटर स्टँडला लावून किक मारतोय, मधेच मान वर करून बघतोय. तिसरा शॉट: मुलीच्या ओठांच्या कोपऱ्यात हसू. झालं, आपण दोघांचं जमवून टाकलं. आता फक्त तिसरा शॉट बदला. मुलगी मनगटावरचं घड्याळ बघते. मग ती बसची वाट बघतेय, मुलाचा काही संबंध नाही. पुन्हा बदला. मुलगी छत्री खाली घेते आणि दोन पावलं मागे सरकते. आता तोच मुलगा, तीच किक, तीच वर झालेली मान, पण आपल्या पोटात गोळा येतो. मुलाच्या शॉटमधली एक फ्रेमही आपण हलवलेली नाही.

प्रेम आपण जोडतो ते त्या दोन शॉटच्या मधे. नट-नटी कदाचित वेगवेगळ्या दिवशी शूटिंगला आले असतील, तिच्यासमोर त्याच्या जागी सहायक दिग्दर्शक उभा असेल. त्याने काही बिघडत नाही. म्हणून पडद्यावरच्या प्रेमाबद्दल विचारायचा पहिला प्रश्न असा: तिसरा शॉट कुणाचा होता? तिचा चेहरा आपल्याला दाखवला का? की फक्त त्याने पाहिलं, आणि तिला काय वाटलं हे न दाखवताच पुढचं दृश्य सुरू झालं? ब्रिटिश अभ्यासक लॉरा मल्वी यांनी १९७५ साली एका निबंधात मांडलं की मुख्य धारेतला सिनेमा प्रेक्षकाला पुरुषाच्या नजरेत बसवतो. तो बघणारा, ती दिसणारी. आपल्याकडे नायिकेची एंट्री आठवा. आधी पाय, मग ओढणी, मग केस आणि सगळ्यात शेवटी चेहरा. हा क्रम बघणाऱ्याच्या सोयीचा आहे.

समोरासमोर आणि शेजारी

कॅमेऱ्याची आणखी एक खोड आहे. दोन माणसांचं संभाषण दाखवायचं तर त्यांना समोरासमोर उभं करणं सोपं जातं. आधी याच्या खांद्यावरून तिचा चेहरा, मग तिच्या खांद्यावरून याचा. दोघांच्या मधे एक काल्पनिक रेषा धरायची आणि कॅमेरा ती ओलांडू द्यायचा नाही, म्हणजे बघणाऱ्याचा गोंधळ होत नाही. क्लोजअपमध्ये डोळे मोठे दिसतात, पापणी हलली तरी थिएटर हलतं. त्यामुळे सिनेमातलं प्रेम हे डोळ्यांत डोळे घालण्याचं प्रेम झालं.

एखाद्या संध्याकाळी झेड ब्रिजवर जाऊन बघा. डेक्कनकडून नदी ओलांडून पेठांकडे जाणाऱ्या या पुलावर कठड्याला लागून दुचाक्या उभ्या असतात आणि त्यांच्यावर जोडपी बसलेली असतात. बहुतेकांची पाठ रहदारीकडे आणि तोंड मुठेकडे. एका गाडीवर दोघं, मधे एक मोबाइल, एकाच इअरफोनची एक वायर त्याच्या कानात, दुसरी तिच्या. ती क्लासच्या नोट्स काढते, तो कणसाचे दाणे सोलून तिच्या हातावर ठेवतो. अर्धा-अर्धा तास कुणी कुणाच्या डोळ्यांत बघत नाही. दोघं शेजारी बसून एकाच दिशेला बघत असतात. कॅमेऱ्याला हे अवघड आहे. दोन पाठी दाखवून तिकीट विकता येत नाही. समोरून घ्यायचं तर कॅमेरा नदीवर लटकवावा लागेल, आणि तिथून दिसणार काय, तर दोन माणसं काहीही न करता बसलेली. म्हणून सोबत नावाची गोष्ट, जी प्रत्यक्षात नात्याचा मोठा भाग असते, ती पडद्यावर फार कमी येते. कुणा लेखकाला ती माहीत नसते असं नव्हे. ती चित्रित करायला कठीण आहे, एवढंच.

आणि मग उलटा प्रवास सुरू होतो. कॅमेऱ्याच्या सोयीने तयार झालेलं प्रेम आपण प्रत्यक्षात करून बघतो. लग्नाआधीच्या प्री-वेडिंग शूटला एकदा उभं राहिलात की हे समोर दिसतं. पुण्यातली जोडपी त्यासाठी मुळशीला जातात, खडकवासल्याला जातात, नाहीतर शहराबाहेर तयार सेट उभारलेल्या जागा भाड्याने घेतात. पहाटेचं ऊन मिळावं म्हणून सगळे साडेपाचला निघालेले असतात. फोटोग्राफर सांगत असतो, ‘दादा, वहिनींचा हात धरा. असा नाही, बोटं अडकवा. आता कॅमेऱ्यात बघू नका, त्यांच्याकडे बघा. वहिनी, तुम्ही लाजून खाली. हां, परत एकदा.’ दोघांची भेट होऊन जेमतेम दोन महिने झालेले, कांदेपोह्यांच्या कार्यक्रमानंतर घरच्यांनी ठरवलेलं लग्न. एकमेकांशी मोकळं बोलायला अजून धड सुरुवात व्हायची आहे, आणि ड्रोन वरून घिरट्या घालतोय. मला त्यात हसण्यासारखं काही वाटत नाही. त्या दोघांना जवळीक दाखवायची आहे, आणि ती कशी दाखवतात याचा एकच नमुना त्यांच्या डोळ्यांसमोर आहे.

गाणं मधे का येतं

आता घड्याळ आणि कायदा, हे दोन्ही एकाच ठिकाणी भेटतात: गाण्यात.

अडीच तासांच्या गोष्टीत ओळख, ओढ, विरोध, ताटातूट आणि मिलन एवढं सगळं बसवायचं असतं. ओळखीचं प्रेमात रूपांतर व्हायला माणसाला महिने लागतात. लेखकाकडे पाच मिनिटं असतात. गाणं ही अडचण सोडवतं. एका कडव्यात पावसाळा संपतो, दुसऱ्यात थंडी पडते, कपडे दहा वेळा बदलतात आणि गाणं संपेपर्यंत दोघं एकमेकांचे झालेले असतात. मधल्या काळात ते काय बोलले, कशावरून अडले, कुणी कुणाचं काय ऐकून घेतलं, हे सगळं सुरांखाली वाहून जातं.

दुसरं कारण शरीराचं. भारतीय पडद्यावर चुंबन आधी नव्हतं आणि नंतर आलं, असा अनेकांचा समज असतो. प्रत्यक्षात बोलपटाच्या सुरुवातीच्या काळात ते होतं. १९३३च्या ‘कर्मा’मध्ये देविका राणी आणि हिमांशू राय यांचं चुंबन प्रसिद्ध आहे. स्वातंत्र्यानंतर १९५२चा सिनेमॅटोग्राफ कायदा आला, प्रमाणपत्र देणारं मंडळ आलं आणि एकूण वातावरणच असं झालं की निर्मात्यांनी ते स्वतःहून टाळलं. १९६९ साली न्यायमूर्ती खोसला यांच्या समितीने कथेची गरज असेल तर चुंबनाला हरकत नसावी असं म्हटलं, तरी ही सवय पुढे कित्येक वर्षं टिकली. जे दाखवायचं नाही ते सुचवायचं कसं? ओली साडी, झाडाआडची हालचाल, एकमेकांकडे झुकणारी दोन फुलं. गाण्यातला नाच म्हणजे शरीराबद्दल बोलायची आपल्या सिनेमाला मिळालेली परवानगी. या बंधनातून काही अप्रतिम गाणी जन्मली, हे मी मनापासून मान्य करतो. पण स्पर्शाच्या आधी विचारायचं असतं, ‘चालेल का?’ असं म्हणायचं असतं, हे गाण्यात कधी आलं नाही. फुलं एकमेकांना विचारत नाहीत.

आता नियम बदललेत. यू/ए प्रमाणपत्राचे ७+, १३+ आणि १६+ असे वयोगट झालेत, ओटीटीवर २०२१च्या नियमांनुसार निर्माते स्वतःच वर्गवारी लावतात. जवळिकीची दृश्यं चित्रित करताना इंटिमसी कोऑर्डिनेटर नेमायची पद्धत परदेशातून आपल्याकडेही येऊ लागली आहे. सेटवर मोजकी माणसं ठेवायची, कुठला हात कुठे जाईल हे मारामारीच्या दृश्यासारखं आधी बसवायचं, नट-नटी दोघांची संमती आधी घ्यायची, असं हे काम असतं. कॅमेऱ्यामागे विचारण्याची रीत आली, हे चांगलंच झालं. पडद्यावरच्या पात्रांपर्यंत ती अजून पुरती पोहोचायची आहे.

नकाराचं काय करायचं

आता मुख्य गोष्ट. कुठल्याही कथेला अडथळा लागतो. नायकाला काहीतरी हवं असतं, मधे काहीतरी येतं, तो ते पार करतो. पटकथा शिकवणारा कुणीही पहिल्या आठवड्यात हेच सांगेल. प्रेमकथेत नायकाला हवी असते नायिका. मग अडथळा कोण?

पर्याय तसे बरेच आहेत. घरचे, जात, धर्म, पैसा, अंतर, आजार, आधीचं लग्न. आपल्या लोकप्रिय सिनेमाने यातली जात फार काळ बाजूला ठेवली. वधू-वर सूचक मंडळाच्या फॉर्मवर जो रकाना सगळ्यात वर असतो, तो सिनेमात नसायचाच; पात्रांना बहुतेक वेळा आडनावंच नसत, आणि असली तरी त्यातून काही कळणार नाही अशी. भांडण श्रीमंत-गरिबाचं दाखवलं जायचं. एक मोठा, खरा अडथळा असा हातातून गेला की लेखक दुसरा शोधतो. सगळ्यात स्वस्त, हाताशी असलेला अडथळा म्हणजे नायिकेचा नकार. त्याला वेगळं पात्र लागत नाही, वेगळं लोकेशन लागत नाही.

इथे सगळं बिघडतं. कथेच्या नियमाने अडथळा पार व्हायलाच हवा. अडथळा वडिलांचा असेल तर वडिलांचं मन वळतं. अडथळा तिचं ‘नाही’ असेल, तर ते ‘नाही’ मोडायलाच हवं, नाहीतर सिनेमा संपत नाही. मग तो तिच्या कॉलेजबाहेर उभा राहतो, बसमध्ये मागे बसतो, मैत्रिणीकडून नंबर मिळवतो, हाताची नस कापायची धमकी देतो. प्रेक्षकाला मध्यंतराआधीच माहीत असतं की शेवटी ती हो म्हणणार आहे. त्यामुळे तिचं आजचं ‘नाही’ आपण गांभीर्याने घेतच नाही. ते आपल्याला ‘अजून नाही’ असं ऐकू येतं. पडद्यावर असंख्य वेळा हे पाहिलेला अठरा वर्षांचा मुलगा प्रत्यक्षातलं ‘नाही’ कसं ऐकेल?

कायद्याने याला नाव दिलेलं आहे. दिल्लीतल्या २०१२च्या घटनेनंतर न्यायमूर्ती वर्मा समिती नेमली गेली आणि २०१३ साली भारतीय दंड संहितेत कलम ३५४-ड आलं. १ जुलै २०२४पासून तेच भारतीय न्याय संहितेचं कलम ७८ आहे. एखाद्या स्त्रीने आपल्याला रस नाही हे स्पष्ट दाखवूनही तिचा वारंवार पाठलाग करणं, संपर्क साधत राहणं, तिच्या इंटरनेट-ईमेलच्या वापरावर पाळत ठेवणं हा गुन्हा आहे. पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत आणि पुन्हा केल्यास पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. नायकाच्या मध्यंतरापर्यंतच्या वागण्याशी ही व्याख्या ताडून बघा.

‘सिनेमा बघून कुणी बिघडत नाही’ असं यावर लगेच म्हटलं जातं. एक सिनेमा बघून नाहीच बिघडत. अभ्यासकांचं म्हणणंही तेवढं सरधोपट नाही. अमेरिकेतले जॉर्ज गर्बनर यांनी टीव्हीबद्दल मांडलेला विचार असा की एखादा कार्यक्रम माणसाला बदलत नाही. वर्षानुवर्षं तेच ते पाहून जग असंच असतं अशी समजूत हळूहळू रुजते. २००२ साली क्रिस सेग्रिन आणि रॉबिन नाबी यांनी लग्न न झालेल्या महाविद्यालयीन विद्यार्थ्यांचा अभ्यास केला. नुसता टीव्ही जास्त बघण्याचा लग्नाच्या स्वप्नाळू कल्पनांशी तसा संबंध दिसला नाही. प्रेमकथा जास्त बघण्याचा दिसला. २०१५मध्ये प्रसिद्ध झालेल्या ज्युलिया लिपमन यांच्या अभ्यासात काही तरुणींना पाठलाग गोड करून दाखवणारा चित्रपट दाखवला, काहींना पाठलाग भयानक दाखवणारा. भयानक पाहिलेल्यांनी पाठलागाचं समर्थन कमी केलं. गोड पाहिलेल्यांपैकी ज्यांना तो चित्रपट खरा वाटला, त्या पाठलागाकडे जास्त सौम्यपणे बघू लागल्या. म्हणजे परिणाम सगळ्यांवर सारखा होत नाही, पण होतो. आणि तो बायकांवरही होतो: आपल्याला वाटणारी भीती ही भीती नसून प्रेमाची सुरुवात आहे, असं त्यांना वाटू लागतं.

धडधड आणि प्रेम यांची गल्लत व्हायला आपलं शरीरही मदत करतं. डोनाल्ड डटन आणि आर्थर अ‍ॅरन या मानसशास्त्रज्ञांनी १९७४ साली कॅनडात एका उंच, हलत्या झुलत्या पुलावर प्रयोग केला. पूल ओलांडणाऱ्या पुरुषांना एक तरुणी भेटून काही प्रश्न विचारायची आणि आपला फोन नंबर द्यायची. नंतर तिला फोन करणारे पुरुष साध्या, भक्कम पुलाच्या तुलनेत या पुलावर जास्त निघाले. भीतीने वाढलेले ठोके त्यांनी आकर्षणाच्या खात्यात टाकले. भांडणातून, अपघातातून, गुंडांच्या तावडीतून सुरू होणाऱ्या प्रेमकथा आपल्याला पटतात त्या यामुळेच.

घरी करून बघण्यासारखी एक गोष्ट सांगतो. नायक नायिकेच्या मागे मागे जातो असं कुठलंही दृश्य लावा आणि आवाज बंद करा. व्हायोलिन गेलं, बासरी गेली, गमतीदार ढोलकी गेली. आता तिच्या चेहऱ्याकडे बघा. ती चालण्याचा वेग वाढवते, मागे वळून बघते, पिशवी छातीशी धरते. संगीत काढलं की हे दृश्य कुठल्याही कॉलेजातल्या मुलीला ओळखीचं वाटेल. त्यासाठीच तर तिने घरी जायचा रस्ता बदललेला असतो.

नकार गांभीर्याने घेऊन सिनेमा उभा राहत नाही, असं म्हणणाऱ्यांना मी पुण्यातलंच उदाहरण देतो. प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली कोल्हापूरहून पुण्याला आली. आज एफटीआयआय आहे तेच तिचं आवार, प्रभात रोडला नाव तिच्यामुळेच. तिथे १९३७ साली व्ही. शांताराम यांनी ना. ह. आपटे यांच्या कादंबरीवरून ‘कुंकू’ काढला. नीरा या तरुण मुलीचं फसवून वयस्क विधुर वकिलाशी, काकासाहेबांशी, लग्न लावून दिलं जातं. ती त्यांना नवरा मानायला नकार देते. भूमिका शांता आपटे यांची, काकासाहेब केशवराव दाते. अख्खा चित्रपट या नकारावर उभा आहे. पण इथे तिचा नकार कथेतला अडथळा नाही. कथा त्या नकाराचीच आहे. तो मोडेल का, अशी उत्सुकता चित्रपट लावत नाही. समोरचा माणूस तो कधी ऐकणार, ही उत्सुकता लावतो. काकासाहेबांच्या विचारी मुलीची भूमिका शकुंतला परांजपे यांनी केली होती, ज्यांनी पुढे कुटुंबनियोजनाच्या प्रचारात मोठं काम केलं. आणि या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. घड्याळाची टिकटिक, भांड्यांचा आवाज, ग्रामोफोन, जे त्या घरात वाजतं तेवढंच ऐकू येतं. नीराला काय वाटतंय यावर साखर पेरायला काहीच नाही.

शेवटी काकासाहेबांना उमगतं आणि तिला मोकळं करण्यासाठी ते स्वतःचा जीव देतात. हिंदू विवाहातून कायद्याने बाहेर पडायची वाटच बहुतेकांना नसलेल्या काळातला हा शेवट आहे. मुंबई प्रांतात घटस्फोटाचा कायदा १९४७ साली आला आणि देशभरासाठी १९५५च्या हिंदू विवाह कायद्याने तरतूद झाली. नकाराचा मान राखायचा तर माणूसच नाहीसा व्हावा लागेल, एवढी ती कोंडी होती. आज ती नाही. आज पडद्यावरचा नायक नुसता ‘बरं’ म्हणून घरी जाऊ शकतो, आणि त्यानंतर त्याचं काय होतं याची सुंदर गोष्ट लिहिता येईल.

मालिकेतली जोडपी बोलत का नाहीत

मालिकांचं गणित वेगळं आहे, आणि ते अक्षरशः गणित आहे. टीव्हीवर तासाला जास्तीत जास्त १२ मिनिटं जाहिराती दाखवता येतात. म्हणजे अर्ध्या तासाच्या भागात गोष्टीला साधारण २४ मिनिटं उरतात. आठवड्याला सहा भाग धरले तर वर्षाला १२५ तासांच्या आसपास मजकूर लागतो. अडीच तासांचे पन्नास चित्रपट. एका जोडप्याची एक गोष्ट एवढी कशी पुरणार?

एकच मार्ग उरतो. दोघांनी एकमेकांशी खरं बोलायचं नाही. ती त्याच्या भल्यासाठी काहीतरी लपवते, तो दारामागून अर्धंच वाक्य ऐकतो, कुणीतरी पत्र पळवतं. दोघं दोन मिनिटं समोर बसून बोलली असती तर मालिका त्या रात्री संपली असती. आठवड्याचे रेटिंग आले की वाहिनी ठरवते कुठला ट्रॅक वाढवायचा. लग्नाला प्रेक्षक वाढतात, म्हणून हळदीपासून पाठवणीपर्यंत पंधरवडा जातो आणि रविवारी महाएपिसोड होतो. लग्नानंतर उत्सुकता ओसरते, म्हणून तिसरी व्यक्ती येते, नाहीतर स्मृती जाते.

मालिका लिहिणाऱ्यांना दोष देण्यात अर्थ नाही. आजचा सीन आज लिहून उद्या शूट होतो अशा रेट्यात ते काम करतात. पण रोज रात्री जेवताना बघणाऱ्या घराला यातून जे मिळतं ते चित्रपटापेक्षा जास्त खोल जातं, असं मला वाटतं. सहन करणं म्हणजे प्रेम, न सांगता ओळखणं म्हणजे प्रेम. ‘त्याला कळायला नको का?’ हे वाक्य किती घरांत भांडणाचं मूळ असतं! नाही कळत माणसाला. सांगावं लागतं.

बाकी पडद्यावर प्रेम करायचा अधिकार कुणाला, हा प्रश्नही आहेच. साठीतली बाई, चाकाच्या खुर्चीतला मुलगा, दोन पुरुष, दोन स्त्रिया. समलिंगी संबंध गुन्ह्यातून वगळणारा कलम ३७७ बाबतचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २०१८ साली लागला, तरी अशी जोडपी मराठी पडद्यावर मोजकीच दिसतात आणि दिसली की अख्खी कथा त्यांच्या अडचणीचीच असते. त्यांना भाजी आणताना, हप्त्यावरून वाद घालताना कुणी दाखवत नाही.

आणि हेच बहुतेक प्रेमकथांचं आहे: मिळवण्याची गोष्ट सांगितली जाते, नांदण्याची नाही. दोघं एकत्र आली की पडदा पडतो. नांदण्यात नाट्य नसतं, लोक ते बघायला येणार नाहीत, असा धंद्यातला समज आहे. २०१६ साली नागराज मंजुळे यांच्या ‘सैराट’ने तो खोटा ठरवला. त्या चित्रपटाचा शेवट सगळ्यांच्या लक्षात राहिला, पूर्वार्धातली गाणी तर अजून प्रत्येक वरातीत वाजतात. मला मात्र उत्तरार्धातलं हैदराबाद सर्वांत महत्त्वाचं वाटतं. आर्ची आणि परश्या पळून गेलेत. इतर चित्रपट इथे संपले असते. इथे पाटलाच्या मुलीला पत्र्याच्या खोलीत झोप येत नाही, घराची आठवण येते, संडास कुठे हा प्रश्न असतो. तो डोशाच्या गाडीवर काम करतो, ती कारखान्यात जाते, भाषा शिकते. पैसे थोडे, दमणूक पुष्कळ. मग संशय येतो, कडाक्याचं भांडण होतं, तो हात उचलतो, ती निघून जाते. आणि परत येते ती सगळं विसरून नव्हे. त्यानंतर दोघं हळूहळू संसार उभा करतात, रजिस्टर लग्न करतात, मूल होतं. या भागात गाणं नाही. काळ पुढे सरकतो तो रोजच्या कामातून, एकेका भांड्यातून, एकेका पगारातून. त्याआधी कुठल्याही मराठी चित्रपटाने एवढी कमाई केलेली नव्हती, आणि तिकीट काढून आलेले प्रेक्षक हा सगळा संसारही तितक्याच एकाग्रतेने बघत होते.